हिंगणघाटला विसावलेला मोजणीदार : विल्यम लॅम्बटन आणि त्रिकोणाचा धडा



सातवीच्या गणितात त्रिकोण रचना येते. दोन कोन आणि त्यांमधली बाजू दिली की त्रिकोण काढायचा. मुलं कंपासपेटी उघडतात, कोनमापक ठेवतात, रेघा मारतात, त्रिकोण तयार होतो. मग एखादा धीट मुलगा हळूच विचारतो, "सर, याचा उपयोग काय?" आपण घाईत असतो. "परीक्षेला येतं" असं सांगून पुढच्या उदाहरणाकडे वळतो.

त्या मुलाला खरं उत्तर द्यायचं असेल तर एका माणसाची गोष्ट सांगायला हवी. हा माणूस इंग्लंडमध्ये एका साध्या शेतकरी घरात जन्मला. अमेरिकेच्या जंगलांच्या कडेला जमिनी मोजून शिकला. पन्नाशीच्या आसपास भारतात त्याने त्रिकोणांची माळ गुंफायला घेतली आणि आपल्या महाराष्ट्रात, वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला, काम चालू असतानाच तो वारला. त्याचं नाव विल्यम लॅम्बटन.

आपल्या मुळशी तालुक्यातल्या मुलांना तर ही गोष्ट सांगायलाच हवी, असं मला वाटतं. का, ते शेवटी सांगतो.

अमेरिकेच्या सरहद्दीवरचा मोजणीदार

लॅम्बटनचा जन्म १७५० च्या दशकात इंग्लंडच्या यॉर्कशायर भागात झाला. घरची परिस्थिती बेताची, पण गणितात हुशार. त्या काळी अशा मुलाला पुढे जायचा एक रस्ता म्हणजे सैन्य. १७८१ मध्ये तो सैन्यात दाखल झाला आणि अमेरिकेत पोहोचला. अमेरिकेचं स्वातंत्र्ययुद्ध तेव्हा संपत आलं होतं.

युद्धानंतर इंग्रजांच्या बाजूचे हजारो लोक अमेरिका सोडून उत्तरेला, आजच्या कॅनडातल्या न्यू ब्रुन्सविक भागात आले. त्यांना राहायला आणि कसायला जमीन द्यायची होती. सगळीकडे दाट जंगल, रस्ते नाहीत. तिथे जमीन मोजून द्यायला माणूस लागतो, आणि ते काम लॅम्बटनच्या वाट्याला आलं. पुढची बरीच वर्षं तो तिथेच लष्करी बराकींच्या देखभालीची नोकरी करत राहिला. बढती नाही, गाजावाजा नाही. फावल्या वेळात गणिताची आणि पृथ्वीच्या आकाराबद्दलची पुस्तकं वाचत बसायचा. तिथेच एकदा काळजी न घेता सूर्यग्रहण पाहिल्याने त्याचा एक डोळा अधू झाला. (ग्रहणाचा पाठ घेताना हे उदाहरण जरूर सांगा. मुलं लगेच लक्ष देतात.)

इथे मुलांना थोडा अमेरिकेचा नकाशाही दाखवता येईल. तिथली कितीतरी राज्यं पट्टीने आखल्यासारखी सरळ दिसतात. १७८५ मध्ये तिथे एक कायदा झाला. त्यानुसार पश्चिमेकडची जमीन सहा मैल लांब आणि सहा मैल रुंद अशा चौकोनांत मोजायची आणि प्रत्येक चौकोनाचे ३६ सारखे भाग पाडायचे असं ठरलं. आपल्या शिक्षकांना आवडेल अशी गोष्ट म्हणजे त्या ३६ भागांपैकी १६ नंबरचा भाग शाळेसाठी राखून ठेवायचा होता. अमेरिकेचे पहिले अध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन हेही तरुणपणी जमीन मोजण्याचं काम करत होते.

पण ज्या जमिनीवर या रेघा ओढल्या ती रिकामी नव्हती. तिथे मूळचे लोक पिढ्यान्‌पिढ्या राहत होते. त्यांना कुणी विचारलं नाही. हा मुद्दा लक्षात ठेवा, आपण त्याच्याकडे परत येणार आहोत.

भारतात

१७९६ च्या सुमारास लॅम्बटन आपल्या पलटणीबरोबर भारतात आला. १७९९ मध्ये टिपू सुलतानाविरुद्धच्या श्रीरंगपट्टणच्या मोहिमेत तो होता. त्या मोहिमेतली एक गोष्ट प्रसिद्ध आहे. एका रात्री इंग्रजांची एक तुकडी अंधारात चालली होती. लॅम्बटनने आकाशातले तारे पाहिले आणि आपण उलट्या दिशेने, शत्रूच्या बाजूला चाललो आहोत हे ओळखलं. त्याने सेनापतीला सावध केलं आणि तुकडी वाचली. दिशा ओळखण्याचा पाठ घेताना ही गोष्टसुद्धा उपयोगी आहे.

टिपू पडल्यावर कंपनी सरकारच्या हातात मोठा मुलूख आला. तो नेमका किती, कुठे सुरू होतो, कुठे संपतो, याचा धड नकाशा नव्हता. लॅम्बटनने प्रस्ताव मांडला की भारताच्या एका किनाऱ्यापासून दुसऱ्या किनाऱ्यापर्यंत त्रिकोणांच्या मदतीने अचूक मोजणी करू. म्हणजे नकाशाला पक्का सांगाडा मिळेल आणि पृथ्वी किती गोल, किती चपटी हेही कळेल. खर्चाला विरोध झालाच. असं सांगतात की एका अधिकाऱ्याचं म्हणणं होतं, कुणाला श्रीरंगपट्टणला जायचं असेल तर त्याने पालखीच्या भोयांना सांगावं, ते बरोबर नेऊन सोडतील, त्यासाठी मोजणी कशाला? तरीही लॅम्बटनला परवानगी मिळाली.

त्रिकोणाने देश कसा मोजतात?

आता मुख्य गोष्ट. हे वर्गात फळ्यावर काढून दाखवा.

जमिनीवर साखळी टाकत टाकत शेकडो मैल मोजणं शक्य नसतं. मध्ये नद्या, डोंगर, जंगलं येतात. प्रत्येक वेळी थोडी चूक झाली तरी ती साचत जाते. म्हणून युक्ती अशी:

१. सपाट जागेवर एकच रेघ अगदी काळजीपूर्वक मोजायची. हिला आधाररेषा म्हणू.

२. या रेषेच्या दोन्ही टोकांवरून लांबचा एक डोंगर पाहायचा. दोन्ही टोकांवर कोन मोजायचे.

३. आता आपल्याकडे दोन कोन आणि त्यांमधली बाजू आहे. सातवीचं पोरही सांगेल की त्रिकोण एकच होतो. म्हणजे डोंगरापर्यंतची दोन्ही अंतरं गणिताने निघतात. तिथे चालत जायची गरज नाही.

४. निघालेली बाजू ही पुढच्या त्रिकोणाची आधाररेषा. तिच्यावरून पुढचा डोंगर. मग त्याच्या पुढचा.

अशी त्रिकोणांची माळ किनाऱ्यापासून किनाऱ्यापर्यंत जाते. लांबी एकदाच मोजायची, पुढे फक्त कोन मोजत जायचे. अधूनमधून पडताळणीसाठी पुन्हा एखादी रेषा प्रत्यक्ष मोजायची. हिशेबाने आलेलं उत्तर आणि साखळीने आलेलं उत्तर जुळलं तर मधले सगळे त्रिकोण बरोबर.

लॅम्बटनने १० एप्रिल १८०२ रोजी मद्रासजवळ सेंट थॉमस माउंट इथे आधाररेषा मोजायला सुरुवात केली. रेषा सुमारे साडेसात मैलांची, म्हणजे १२ किलोमीटर. साखळी पोलादी, १०० फूट लांब. ती जवळजवळ ४०० वेळा टाकावी लागली. भर उन्हाळ्यात या एका रेषेला ५७ दिवस लागले.

इतके दिवस का? कारण पोलाद उन्हात वाढतं. आपण हिशेब करून पाहू. १०० फुटी पोलादी साखळी १० अंश सेल्सिअसने तापली तर साधारण साडेतीन मिलिमीटर वाढते. हे काहीच नाही असं वाटेल. पण ४०० वेळा साडेतीन मिलिमीटर म्हणजे जवळपास १.४ मीटर! पहिल्याच रेषेत एवढी चूक राहिली तर पुढच्या सगळ्या त्रिकोणांत ती जाणार. म्हणून साखळीवर सावली धरली जायची, जवळ तापमापक ठेवले जायचे, आणि तापमानाप्रमाणे लांबी दुरुस्त केली जायची. विज्ञानातलं उष्णतेने प्रसरण आणि गणितातला गुणाकार इथे एकत्र येतात. दोन वर्षांनी बंगळूरजवळ पडताळणीची रेषा मोजली, तेव्हा हिशेबाच्या आणि प्रत्यक्षाच्या लांबीत फक्त काही इंचांचा फरक निघाला.

या मोजणीतून आणखी एक गोष्ट कळली. दक्षिण भारताची पूर्व-पश्चिम रुंदी आधीच्या नकाशांत सुमारे ४० मैलांनी जास्त दाखवलेली होती. समुद्राने जमीन खाल्ली नव्हती, जुना अंदाज चुकला होता, एवढंच.

हुशार मुलांसाठी एक जादा मुद्दा. त्रिकोणाच्या तिन्ही कोनांची बेरीज १८०° हे आपण शिकवतो. ते सपाट कागदावर खरं आहे. पृथ्वी गोल असल्यामुळे डोंगर ते डोंगर अशा मोठ्या त्रिकोणात ही बेरीज १८०° पेक्षा किंचित जास्त येते. हा फरक अंशाच्या एक हजाराव्या भागाच्या आसपासचा, पण लॅम्बटनला तोही हिशेबात धरावा लागत होता.

अर्ध्या टनाचं यंत्र

कोन मोजायचं यंत्र म्हणजे थिओडोलाइट. आपल्या कोनमापकाचा थोरला भाऊ म्हणा. वर दुर्बीण आणि खाली अंशांच्या खुणा असलेली गोल तबकडी. लॅम्बटनचं यंत्र लंडनला बनवलेलं, तबकडी तीन फूट व्यासाची, वजन सुमारे अर्धा टन. इंग्लंडहून येताना ते जहाज फ्रेंचांनी पकडलं आणि मॉरिशसला नेलं. पण हे विज्ञानाचं साधन आहे असं कळल्यावर फ्रेंचांनी ते पुढे पाठवून दिलं. शत्रू असूनसुद्धा!

१८०८ मध्ये हे यंत्र तंजावरला बृहदीश्वर मंदिरावर दोरखंडांनी चढवत होते. तंजावर म्हणजे आपल्या भोसल्यांचं. तेव्हा तिथे दुसरे सरफोजी राजे गादीवर होते, आणि याच मंदिराच्या आवारात १८०३ चा भोसले वंशाचा लांबलचक मराठी शिलालेखही आहे. सपाट प्रदेशात डोंगर नाहीत, म्हणून उंच देवळाचा आधार घ्यावा लागला. यंत्र वर जात असताना दोर तुटला आणि ते भिंतीवर आदळलं. तबकडी वाकडी झाली.

दुसरं यंत्र इंग्लंडहून यायला कितीतरी महिने लागले असते. लॅम्बटनने तंबूत बसून ते सगळं सुटं केलं आणि सुमारे सहा आठवडे खपून, वाकलेली तबकडी हळूहळू ताणून, ठोकून पुन्हा गोल केली. त्याच दुरुस्त यंत्रावर पुढची अनेक वर्षं काम झालं. चिकाटी म्हणजे काय, यावर मूल्यशिक्षणाच्या तासाला वेगळी गोष्ट शोधायला नको.

नावं न राहिलेली माणसं

लॅम्बटन एकटा होता असं मुलांना वाटू देऊ नका. यंत्र खांद्यावर घेऊन डोंगर चढणारे, झाडं तोडून नजरेची वाट मोकळी करणारे, दूरच्या शिखरावर झेंडा धरून दिवसेंदिवस उभे राहणारे खलाशी आणि हमाल हे सगळे इथलेच लोक होते. जंगलात ताप होता, वाघ होते. तापाने कितीतरी माणसं दगावली. त्यांची नावं पुस्तकात सापडत नाहीत. झेंडा धरणारा माणूस जागेवरून दोन पावलं हलला असता तर लंडनच्या यंत्राने मोजलेला कोनही चुकलाच असता.

हिंगणघाट

मद्रासपासून सुरू झालेलं काम कन्याकुमारीपर्यंत आणि वर हैदराबादच्या बाजूला सरकत गेलं. १८१८ मध्ये या कामाला मोठं सरकारी नाव मिळालं. आपण त्याला 'महान त्रिकोणमितीय सर्वेक्षण' म्हणतो. त्याच सुमाराला जॉर्ज एव्हरेस्ट नावाचा तरुण अधिकारी त्याचा मदतनीस म्हणून आला. तोपर्यंत लॅम्बटनच्या हाताखाली सुमारे १ लाख ६५ हजार चौरस मैलांची मोजणी होत आली होती.

लॅम्बटन थकला होता, खोकल्याने बेजार होता. तरी मुक्काम नागपूरला हलवायचा म्हणून तो निघाला. वाटेत हिंगणघाटला २० जानेवारी १८२३ रोजी त्याचं निधन झालं. वय सत्तरीच्या जवळ. तिथेच त्याला पुरलं. नागपूर तिथून जेमतेम ७५-८० किलोमीटरवर राहिलं होतं.

काम थांबलं नाही. एव्हरेस्टने ते पुढे नेलं आणि १८४१ पर्यंत कन्याकुमारीपासून हिमालयाच्या पायथ्यापर्यंत सुमारे २,४०० किलोमीटरची त्रिकोणांची माळ पूर्ण झाली. पुढे याच पद्धतीने हिमालयाच्या शिखरांची उंची काढली. त्या हिशेबात राधानाथ सिकदर या बंगाली गणितज्ञाचा मोठा वाटा होता. १८५६ मध्ये सर्वांत उंच शिखराची उंची २९,००२ फूट, म्हणजे सुमारे ८,८४० मीटर, जाहीर झाली. आज ती ८,८४८.८६ मीटर मानतात. शिखरावर पाय न ठेवता, कितीतरी मैलांवरून केवळ कोन मोजून काढलेल्या उत्तरात फरक नऊ-दहा मीटरचा! शिखराला नाव एव्हरेस्टचं लागलं. ज्याने पहिला त्रिकोण काढला तो लॅम्बटन हिंगणघाटला राहिला.

विदर्भात सहल नेणार असाल तर नागपूरचा झिरो माईलचा दगड आणि चार घोडे मुलांना दाखवताना एवढं सांगा, की १९०७ चा हा दगड त्याच सर्वेक्षणाची खूण आहे.

आणि आपला सातबारा?

इथे एक फरक नीट समजावून घेऊ, कारण बऱ्याच ठिकाणी गल्लत होते. लॅम्बटनची मोजणी देशाचा सांगाडा बसवण्यासाठी होती. शेताची मोजणी वेगळी. तिचा उद्देश शेतसारा ठरवणं हा होता.

शेताच्या मोजणीचा इतिहास तर आपल्याच जिल्ह्यात घडला. पेशवाई गेल्यावर प्रिंगल नावाच्या अधिकाऱ्याने पुण्याच्या भागात जमिनी मोजून सारा ठरवला. मोजणीत चुका, खालच्या पातळीवर लाचखोरी आणि वर सारा जड. शेतकऱ्यांना तो झेपेना. इंदापूरकडे लोक जमिनी टाकून गेले, शिवारं ओस पडली. मग १८३५-३६ मध्ये गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी इंदापूर तालुक्यापासून नवीन मोजणी सुरू केली. शेतांना नंबर, हद्दीला खुणा, जमिनीच्या प्रतीप्रमाणे सारा आणि तो ३० वर्षांसाठी कायम. आज आपण गट नंबर, सर्व्हे नंबर म्हणतो त्याची मुळं तिथे आहेत.

म्हणजे मोजणी चुकली की नुसतं गणित चुकत नाही, घरं उठतात.

मुळशीच्या माणसाला हे वेगळं सांगायला नको. शंभर वर्षांपूर्वी टाटा कंपनीच्या धरणासाठी इथल्या जमिनी गेल्या. आपल्या रानात न विचारता चर खणलेले दिसले, तेव्हा कितीतरी शेतकऱ्यांना कळलं की आपली जमीन कुणाच्या तरी नकाशात धरणाखाली गेली आहे. १९२१ मध्ये सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांच्या पुढाकाराने सत्याग्रह झाला. 'जान किंवा जमीन' ही त्याची घोषणा. धरण झालंच, गावं पाण्याखाली गेली. अमेरिकेतल्या त्या चौकोनांचा मुद्दा लक्षात ठेवा म्हटलं होतं, तो हाच. रेघ ओढणाऱ्याला सगळं दिसतं, पण जिच्यावर ती ओढली जाते त्या जमिनीवरच्या माणसाला ती वाचता आली नाही, तर ती रेघ त्याच्या बाजूने क्वचितच बोलते.

आज आपल्या तालुक्यात प्लॉटिंग, रस्ते, बंगले यांसाठी मोजणी सतत चालू आहे. भूकरमापक येतो, खुंट्या ठोकल्या जातात, घरातली मोठी माणसं कागदावर सही करतात. कितीतरी घरांत गटाचा नकाशा वाचता येणारं पहिलं माणूस म्हणजे आपल्या शाळेतलं ते सातवी-आठवीचं मूल असतं. म्हणून 'उपयोग काय' हा प्रश्न इथे हलका नाही.

वर्गात आणि घरी करून पाहा

उपक्रम १ : गुंठा आखणे (इयत्ता चौथी-पाचवी)
३३ फूट लांब सुतळी घ्या. मैदानावर ३३ फूट बाजूचा चौरस आखा. हा झाला एक गुंठा, म्हणजे १,०८९ चौरस फूट. असे ४० गुंठे म्हणजे एक एकर, ४३,५६० चौरस फूट. मुलांना चौरसात उभं करा. "आमचं तीन गुंठे आहे" म्हणजे केवढं, ते पायाला कळू दे.

उपक्रम २ : न जाता अंतर मोजणे (इयत्ता सातवी)
ओढ्यापलीकडचं झाड निवडा. अलीकडे १० मीटरची आधाररेषा आखा. पुठ्ठ्यावर कोनमापक चिकटवा, मध्यावर टाचणीने शीतपेयाची नळी बसवा. नळीतून झाड बघून दोन्ही टोकांवर कोन मोजा. समजा ६०° आणि ७०° आले. वहीत १ सेंटिमीटर = १ मीटर प्रमाण धरून त्रिकोण काढा. ६०° च्या टोकापासून झाड सुमारे १२.३ मीटर आणि दुसऱ्या टोकापासून सुमारे ११.३ मीटर येईल. पुढच्या वेळी ओढ्याऐवजी मैदानातलं झाड घ्या आणि टेप लावून उत्तर तपासा. पडताळणी हा लॅम्बटनच्या कामाचा अर्धा भाग होता, तो गाळू नका.

उपक्रम ३ : घरचा कागद (पालकांसाठी)
एका रविवारी सातबारा आणि गटाचा नकाशा मुलांसमोर उघडा. गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा त्यांना शोधू द्या. नकाशातला बांध आणि शिवारातला बांध एकच आहे का, ते बरोबर जाऊन बघा. जमीन नसेल तर घराचा किंवा खोलीचा नकाशा काढायला लावा. मोजायची सवय लागणं महत्त्वाचं.

हे उपक्रम केल्यावर "याचा उपयोग काय" हा प्रश्न मुलांनाच विचारा. उत्तरं वहीत लिहून घ्या आणि जमलं तर इथे सर्वांसाठी पाठवा.